सिंहली सिनेमातला बांध

शेजारच्या श्रीलंकन आंटींनी रविवारी संध्याकाळी चहाला बोलावलं आणि त्यांच्या तरुणपणीचा एक सिंहली सिनेमा लावला. कृष्णधवल, खेड्यातल्या भांडणाचा. खरं तर माझं कशातच लक्ष नव्हतं. इथे अमेरिकेत, फ्रीमाँटमधली रविवारची संध्याकाळ म्हणजे आमच्या गावी सोमवारची सकाळ, आणि त्या सकाळी बाबांच्या आणि काकांच्या शेतांमधल्या बांधाची सरकारी मोजणी होती. बाबा फोन उचलत नव्हते. घरी बसून नवऱ्याचं "चिल कर ना यार, काही होत नाही," ऐकण्यापेक्षा सिनेमा बरा, म्हणून गेले.

कसला बरा! भातखाचरं, दोन भाऊ आणि मधे बांध. धाकटा नांगरताना हळूच बांध कोरतो आणि कुणी बघत नाही ना, ते बघतो. आंटी समजावून सांगायला लागल्या. म्हटलं, "आंटी, हे मला कळतं." बाबा म्हणतात काकांनी कोरला, काका म्हणतात बाबांनी. त्यापायी दोघांचं बोलणं कायमचं बंद. माझ्या लग्नात काका अक्षता टाकून न जेवता निघून गेले. त्या मातीच्या ढिगाऱ्याचा मला मनस्वी राग आहे.

पडद्यावर थोरल्यानं कुदळ उचलली. बाबाही असेच, डोक्यात राख घालून घेणारे. तेवढ्यात फोन वाजला. काकांचा. काकांनी मला अमेरिकेत कधीच फोन केला नव्हता. आंटींनी सिनेमा थांबवला.

"काका, बाबा बरे आहेत ना?"

"कसला बरा! मोजणीवाल्यांची वाट बघत पहाटेपासून बांधावर आडवा झालाय. पोटात काही नाही, माझ्या हातचा चहा घेत नाही. उठला की चक्कर येऊन पडेल. तू सांग."

"द्या त्यांना फोन."

"मी कसा देऊ? आमचं बोलणं नाही."

शेवटी त्यांनी फोन स्पीकरवर टाकून बाबांजवळ ठेवला. मी ओरडले, "बाबा, चहा घ्या!"

बाबा मलाच म्हणाले, "साखर घातली असेल त्यानं. मला चालत नाही."

"बिनसाखरेचाच आहे म्हणावं त्याला," काकाही मलाच म्हणाले.

बाबांना शुगर निघाली ती अबोला धरल्यानंतर. काकांना कुणी सांगितलं असेल, कोण जाणे. मग बशीत चहा ओतल्याचा आवाज आला, आणि पाठोपाठ मोटारसायकलचा.

"मोजणीवाले आले," काका म्हणाले आणि फोन बंद झाला.

पडद्यावर थोरल्याची कुदळ अजून वरच होती. "लावू का पुढे?" आंटींनी विचारलं.

"नको, आंटी," मी म्हटलं. "तशीच राहू दे."