चहा निवतोय

शेजारचे काका एके काळी भुतांच्या सिनेमांच्या पटकथा लिहायचे. ते गेल्यावर एका दुपारी त्यांचा एक सिनेमा टीव्हीवर लागला, म्हणून मी काकूंकडे बघायला गेले. सिनेमातली मेलेली बायको ओसाड बंगल्यातून नवऱ्याला हाक मारते, "चहा निवतोय, येताय ना?" माझ्या अंगावर काटा आला.

काकू हसल्या. "माझंच वाक्य. रोज ऐकून ऐकून भुताच्या तोंडी घातलं यांनी."

भीती काही लांबून आणावी लागत नाही. हाक रोजचीच असते, फक्त माणूस उरलेलं नसतं.

सिनेमा संपल्यावर काकूंनी तीन कपांत चहा ओतला आणि आतल्या बंद खोलीकडे वळून तीच हाक मारली. त्यांनी तिसऱ्या कपावर बशी झाकून ठेवली.

"लिहितायत अजून," त्या म्हणाल्या.