पोचवणारी मावशी

मावशीनं जन्मात कुणाला दारातून निरोप दिला नाही. मीटर बघायला आलेला वायरमन असो, नाहीतर तिलाच फसवून गेलेला साडीवाला फेरीवाला असो, ती पायात चपला अडकवून त्याच्याबरोबर थेट डांबरी रस्त्यापर्यंत जायची. "आलेलं मानूस एकटं मागारी जाऊ नये," एवढंच कारण. माझी ती सख्खी मावशी नव्हे. शेजारीण. पण अख्ख्या गावाची मावशी होती, आणि गावानं तिचं नाव पाडलं होतं पोचवणारी.

पावसाळ्यात ती चुकारही पोचवायची. बाहेरच्यांसाठी सांगते. भाजे गावाच्या वरच्या अंगाला आमचं पठार आहे, तिथं हे उजेड राहतात. नारळाएवढे, भाताच्या कोवळ्या रोपातून ऊन दिसावं तशा रंगाचे. धुकं दाटलं की एखादा वाट चुकून खाली येतो, म्हणून चुकार. दिवेलागणीच्या आधी कुणाच्या तरी अंगणात घुटमळत राहतो. अंधार पडायच्या आत त्याला पठारावर नेऊन सोडलं नाही, तर सकाळपर्यंत विझतो. बाकी काही नाही. ना नवसाला पावतो, ना कुणाला झपाटतो.

मावशी पुढं, चुकार मागं. सासरी निघालेल्या पोरीशी बोलावं तशी ती त्याच्याशी बोलत जायची. "चल बाळा, हितं निसरडं हाय." ज्याला पायच नाहीत त्याला निसरड्याचं काय, असं मी एकदा विचारलं. म्हणाली, "मला हायेत की. माझ्यासाठी थांबतंय ते."

तिला परतायला मात्र हमखास उशीर. "वर सोडलं की त्येच मला पोचवाया मागं येतंय. मंग मी त्याला पुन्ना वर नेते."

"असं किती वेळा?"

"दोघातलं एक दमंस्तवर."

मी हसले. मला हसणं भाग होतं, कारण मी सायन्सला होते. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली पहिली मी. लोणावळ्याच्या कॉलेजात नाव घातलं त्याच आठवड्यात आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, दारावर पाटी लावली: माझं नाव, आणि त्याहून मोठ्या अक्षरात 'बी.एस्सी. (चालू)'. पास झाल्यावर कंसातलं 'चालू' खरवडून काढलं, त्याचा डाग अजून आहे. पाटी लागली तशी मी 'न्हाई' सोडून 'नाही' म्हणायला लागले, घरातल्या म्हशीशीसुद्धा. मावशी मला सायन्सबाय म्हणायची. मला तो मान वाटायचा.

दुसऱ्या वर्षाला असताना मावशी भावाकडं परंदवडीला गेली. जाताना म्हणाली, "चुकार आला तर तेवढा पोचव गं." आला. मी त्याला लोणच्याच्या बरणीत घेतला. झाकणाला भोकं पाडली, हे विशेष. उजेडाला श्वास लागतो हे मी कुठल्या पुस्तकात वाचलं होतं, देव जाणे. दुसऱ्या दिवशी सरांना दाखवायचा होता. शोधाला नावही ठरवून ठेवलं होतं, अर्थात माझंच.

सकाळी बरणीत नुसता खाराचा वास होता.

मावशी आली तेव्हा मी बरणी घेऊन तिच्याकडं गेले. ती बराच वेळ आत बघत राहिली. "एकटंच गेलं म्हनायचं," एवढंच बोलली. बरणी धुऊन माझ्या हातात दिली, आणि पायात चपला अडकवून मला माझ्या दारापर्यंत पोचवायला आली. भिंतीला भिंत लागून आमची घरं.

त्यानंतर एकही चुकार माझ्या जवळ फिरकला नाही. मी मावशीबरोबर चालले तर तो तिच्या पलीकडून चालायचा. हळूहळू खाली बंगले झाले, त्यांचे हॅलोजन झाले. चुकार त्या उजेडाला भुलून तिकडंच जायला लागले, आणि शनिवार-रविवारच्या पाहुण्यांत त्यांना पोचवणारं कुणी नव्हतं. शेवटी शेवटी आमच्याकडं एकच यायचा.

गेल्या आषाढात मावशी गेली. पोचवायला सगळं गाव होतं. चौथ्या दिवशी संध्याकाळी तो चुकार तिच्या कुलूपबंद दारासमोर येऊन थांबला. लोक जमले आणि सगळे माझ्याकडं बघायला लागले.

"शिकल्याली तूच हायेस," आबा म्हणाले. "बघ आता."

अंधार पडायला फार तर दीड तास होता. मी पुढं होऊन म्हणाले, "चला, आपल्याला उशीर होतो आहे." चुकार हलला नाही. मी पुन्हा म्हणाले, आणखी शुद्ध. मागं कुणीतरी फिसकन हसलं.

मग शुद्धपणा सोडला. "चल बाळा. मावशी न्हाई आता. मीच हाय."

तो निघाला. पण वीस पावलं अंतर ठेवून. चढावर मी दोनदा पडले, गुडघा फुटला. दोन्ही वेळा तो लांबच थांबला, मी उठेपर्यंत. पठारावर त्याला सोडला आणि मागं न बघता उतरायला लागले. बघायला तोंड कुठं होतं?

थोडी उतरले असेन, तोच माझी सावली पुढं वाटेवर पडली.

वळून पाहिलं. हात लांबवला तर लागेल इतक्या जवळ होता.

गुडघा ठणकत होता, आभाळात उजेड जेमतेम उरला होता. "व्हय रे बाबा, चल," मी म्हणाले, आणि त्याला पोचवायला पुन्हा वर निघाले.