आज मिरच्यांचा ठसका लागला नाही

मंडळी, मी भिवंडीजवळच्या दापोड्याची आजी. मला अक्षर येत नाही; मी बोलतेय आणि सूनबाई कंप्युटरवर उतरवतेय. मध्येच शहाणपणा दिसला तर तो तिचा समजा.

आमची नात नीता आशियाई महिला फुटबॉल स्पर्धेच्या पात्रता फेरीत भारताची गोलकीपर आहे. परदेशातला सामना टीव्हीवर नव्हता, म्हणून दुपारी सूनबाई कंप्युटरवर वाचून सांगत होती. एकदम ती ओरडली, "आई, गोलकीपरला स्ट्रेचरवरून बाहेर नेलं." पुढचं वाचणार तोच लाइट गेली. भिवंडीच्या लाइटला मुहूर्त बरोबर कळतो!

नीताचे जुने हातमोजे खुंटीला होते. त्यांच्यावरूनच मीठ-मिरच्या उतरवून चुलीत टाकल्या. दृष्ट नसेल तर मिरच्यांचा ठसका लागतो. आज कुणीच खोकलं नाही. म्हणजे दृष्ट लागलीच होती.

संध्याकाळी नीताचाच फोन आला. "आजी, भुवईला टाके पडलेत, बाकी काय न्हाय. परवा शेवटचा सामना हाय, डॉक्टर हो बोललेत. खेळू ना?"

"मला काय विचारतेस? मी काय तुझी कोच हाय?"

"तू न्हाय बोललीस तर न्हाय खेळणार."

'न्हाय' अगदी ओठांवर आलं होतं, मंडळी. तरी बोलले, "खेळ. पण बॉल हातानं अडव, तोंडानं नको."

ती हसली. मी फोन ठेवला, तेव्हापासून ते हातमोजे मांडीवर घेऊन बसलेय. खरं सांगा, माझ्या जागी तुम्ही काय बोलला असता?