मावशीची लांब बाही

आमची मावशी कपडे दुरुस्त करते. गल्लीच्या तोंडाशी, किल्ल्या बनवणाऱ्याला लागून तिचं दुकान. आत दोन गिऱ्हाइकं उभी राहिली की तिसऱ्याने बाहेरूनच बोलायचं. बिघडलेल्या चेन, पोटावर आखडलेल्या पँटी हे रोजचं काम. पण मावशीचं नाव झालं ते लग्नाच्या ड्रेसमुळे. लग्नानंतरच्या. वर्ष-सहा महिने झाले की बायका ते जड प्रकरण पिशवीत कोंबून आणतात आणि विचारतात, "ह्याचं आता काय करू?"

मावशीची पद्धत ठरलेली. "पडद्यामागे जाऊन घालून या," म्हणते आणि हातात झाडू देते. "आता दुकान झाडा." झाडताना बाई नकळत घेर उचलून धरायला लागली, तर ड्रेस ठेवायचा. कचऱ्याबरोबर घेरही फरफटत गेला, तर कात्री. मग त्याची दुपटी होतात, उशांचे अभ्रे होतात, एकीने तर स्कूटरचं कव्हर करून नेलं. एकदा एक नवराच अडून बसला, ड्रेस कापायचा नाही म्हणून. मावशी म्हणाली, "मग तुम्ही घाला." बिचाऱ्याने घातला आणि मन लावून कोपरेसुद्धा झाडले. ड्रेस कापला.

एवढ्या जणींचे निकाल लावणाऱ्या बाईचा स्वतःचा ड्रेस मात्र टेबलाखाली पत्र्याच्या पेटीत. माझी आई, म्हणजे तिची थोरली बहीण, टोमणा मारायची, "तुझा काढ की एकदा बाहेर!"

"वेळ कुठंय ताई."

वेळ नव्हता हे खोटं. त्या ड्रेसची एक बाही दुसरीपेक्षा चांगलीच लांब होती. आणि समोर मास्टर होता.

मास्टरचं शिलाईचं दुकान मावशीच्या बरोबर समोर. तरुणपणी ती त्याच्याकडे काम शिकायला गेली होती. तीन महिन्यांत त्याने तिला घरी पाठवलं. "पोरी, तुझ्या हातात मापच नाही." मावशीने इरेला पेटून त्याच महिन्यात स्वतःच्या लग्नाचा ड्रेस स्वतः शिवला आणि मापही स्वतःच घेतलं. डावा हात सरळ ठेवून मोजला. उजवा मोजताना टेप डाव्या हातात, धड पकडता येईना, म्हणून कोपरात वाकवून मोजला. वाकवलेला हात लांब भरतो. लग्नाच्या प्रत्येक फोटोत मावशी उजवा हात कमरेवर ठेवून उभी आहे ती यामुळे. पुढे तिने मास्टरच्या नाकासमोर दुकान थाटलं, त्याची निम्मी गिऱ्हाइकं पळवली. पण तो खरा ठरल्याचा एकुलता एक पुरावा पेटीत होता.

आमचे काका, म्हणजे मावशीचे यजमान, लिफ्टमन. आयुष्यभर लिफ्ट वरखाली केली. निवृत्त झाल्यावर मावशीचा जीव वरखाली करायला लागले. दुकानाला तीस वर्षं होणार, तर हे गल्लीभर सांगून आले, "सोमवारी दुकानाच्या काचेत हिने स्वतः शिवलेला लग्नाचा ड्रेस लावतोय. बघायला या." मास्टरला खास आमंत्रण.

रविवारी दुकान बंद. मावशीने मला बोलावून घेतलं आणि आतून कडी लावली.

"काय करायचं गं?" ती म्हणाली. "कापते. उंदरांनी खाल्ला म्हणून सांगते."

"तीस वर्षं उंदीर कुठे होते?"

"मग बाही छोटी करते. दहा मिनिटांचं काम."

तिने पेटी ओढली, ड्रेस काढला, बाहीचा टाका उसवायला घेतला. उसवेना. प्रत्येक टाक्यावर तीनतीनदा दोरा फिरवलेला.

"बघ, बघ," मावशी चष्म्यावरून बघत राहिली. "किती घाबरली होती कार्टी. सुटेल, सुटेल म्हणून बांधतच सुटली."

मग म्हणाली, "झाडू आण."

ड्रेस पाठीवर मिटेना, तिथे मी अकरा पिना लावल्या. मावशी झाडायला लागली. चार पावलं नीट गेली. टेबलापाशी दोऱ्यांचा कचरा आला आणि डाव्या हाताने घेर आपोआप वर. मी बोटाने दाखवला.

"अगं, पाय अडकत होता," मावशी म्हणाली.

तेवढ्यात काका दिव्यांची माळ घेऊन दारावर थापा मारायला लागले. उघडावंच लागलं. ते बघतच राहिले.

"तोच गं तोच! जरा हात सरळ कर बघू."

मावशीने केला. बोटं बाहीत गायब झाली.

"म्हणजे फोटोत..." काका मटकन स्टुलावर बसले. "बत्तीस वर्षं मी लोकांना सांगतोय, काय रुबाबात उभी आहे बघा!"

"रुबाबच होता. बाहीचा."

"नको मग. मास्टर हसेल. मी सांगतो, मला हिवताप आला."

"तुमच्या तापाचा ड्रेसशी काय संबंध?" मावशीने हात कमरेवर ठेवला, मग मुद्दाम खाली सोडला. "लावा काचेत. चिठ्ठी मी लिहिते."

सोमवारी मास्टर अकरा वाजता आला. चिठ्ठी दोनदा वाचली: 'मी शिवलेला पहिला ड्रेस. एक बाही लांब. चूक कुणाची हे शिवणारीला माहीत आहे.' गळ्यातली टेप काढून तो थेट आत आला, काचेमागे वाकला, दोन्ही बाह्या मोजल्या. काका देवाचं नाव घेत होते.

"दीड इंच," मास्टर म्हणाला. "मी म्हणालो होतो."

मावशीच्या दातात सुई होती. ती काढून तिने टाचणीच्या उशीला टोचली.

"पावणेदोन. टेप बदला मास्टर, जुनी झाली की ताणली जाते."

मास्टरने टेप उजेडात धरली. एक डोळा मिटून बराच वेळ बघितली. मग हात पुढे केला.

"तुझी दे बघू जरा."