कार्सिदीच्या गाँगच्या सात लाटा

पोनिदीचं शास्त्र त्याच्या बायकोला कधीच पटलं नाही, पण त्याच्या कानाबद्दल मात्र तिचीही तक्रार नव्हती. सोलो शहराजवळच्या त्या गावात काशाचे गाँग, म्हणजे टांगून वाजवायच्या घुमत्या थाळ्या, ठोकून घडवणाऱ्या बारा भट्ट्या होत्या आणि सूर लावायला बाराही भट्ट्यांना शेवटी पोनिदीच लागे. गाँग वाजवायचा, ऐकायचा, कानस फिरवायची, पुन्हा वाजवायचा. चाळीस वर्षं हेच चाललं होतं.

शास्त्र त्याने स्वतःच काढलं होतं. त्याला तो 'आरसाघुमार' म्हणे. मोठा गाँग वाजला की त्याचा आवाज सरळ विरत नाही, लाटालाटांनी जातो. खाली विहिरीच्या पाण्याची पितळी परात ठेवायची आणि वाकून आपलं तोंड बघायचं. घुमण्याने पाणी थरथरतं, तोंड मोडतं. शेवटची लाट गेल्यावर पाणी निवळेपर्यंत जो क्षण मिळतो, त्यात तो गाँग घडवला तो दिवस दिसतो, असं त्याचं म्हणणं. अट एकच. पहिला सूर लागल्यावर त्याला पुन्हा कानस लागलेली नसावी. लागली, की तेवढा काळ घासून गेला. दोनशेवर गाँगच्या लाटा त्याने वहीत मोजून लिहिल्या होत्या.

"दोनशे झाले. तुम्हाला दिसलं काय?" बायको तुमिराह विचारी.

"एकदा भट्टीचा धूर दिसला होता."

"माझ्या चुलीचा असेल तो."

गाव हसे, तोही हसे. लासिनेम मात्र कधी हसली नाही. तिचा नवरा कार्सिदी गाँग घडवणारा गावातला उत्तम कारागीर. एकोणीस वर्षांपूर्वी एका शाळेसाठी त्याने मोठा गाँग घडवला आणि पंधरा दिवसांत तापाने गेला. त्याचा एकुलता फोटो पुढे पुरात गेला. तो गाँग दुरुस्तीला गावात येणार, असं कळल्यावर ती पोनिदीच्या अंगणात येऊन बसली.

"कांग," ती म्हणाली. थोरल्या भावाला मारावी तशी ही हाक ती त्याला मारी. "मला त्याचा चेहरा आठवेना झालाय. डोळे आठवतात, नाक आठवतं, पण दोन्ही एका ठिकाणी येत नाहीत. तुमच्या परातीत बघू द्याल?"

पोनिदीकडे इतक्या विश्वासाने कुणी काही मागितलंच नव्हतं. "गुरुवारी या, यू," तो म्हणाला; 'यू' ही ताईसारखी मानाची हाक. गुरुवार हा गाँगना फुलं आणि धूप द्यायचा दिवस.

बुधवारी दुपारी टेम्पोतून गाँग आला. जेवून हात पुसत पोनिदी जवळून गेला आणि जाता जाता त्याने सहज एक ठोका दिला. शेवटच्या दोन लाटा रेंगाळत होत्या. कानाला खुपलं, हात कानशीकडे गेला. चाळीस वर्षांची सवय डोक्याला विचारायला थांबत नाही. तासाभराने आवाज लख्ख झाला. खुशीत त्याने वही उघडली, 'कार्सिदी, पाच' असं लिहिलं आणि मागचं पान चाळताना एकोणीस वर्षांपूर्वीची ओळ दिसली: 'कार्सिदी, सात.' दोन लाटा घासून गेल्या होत्या, आणि त्यांच्याबरोबर तो दिवसही.

"सांगू नका तिला," तुमिराह म्हणाली. या वेळी तिच्या आवाजात टोमणा नव्हता. "बिचारीला पाण्यात काय दिसायचं ते दिसू दे."

"मग इतकी वर्षं मी नुसती परात मांडत होतो म्हण की," पोनिदी म्हणाला, आणि रात्री जेवला नाही.

लासिनेम सकाळीच आली. धुतलेलं लुगडं, अंबाड्यात मोगरा, पानात चिकट भात आणि फुलं. पोनिदीने तिला बसूही दिलं नाही. "यू, माझ्या हातून घात झाला. मी त्याला कानस लावली. आता यात काही नाही उरलं."

तिने हातातलं पान गाँगपुढे ठेवलं.

"सुराला चुकत होता का?"

"थोडा."

"तो पहिल्यापासून चुकतच होता. मी म्हणायची, शेवटी किती रेंगाळतोय हा. तर कार्सिदी म्हणायचा, जाऊ दे गं, त्याला घरी जायची घाई नाही." ती खाली बसली. तिने परात पुढे ओढली, पितळेच्या काठाशी तोंड नेलं आणि ओठ मिटून त्या गाँगसारखा घुमता आवाज काढायला लागली.

पोनिदीची बोटं आपोआप मोजू लागली. पाच लाटा गेल्या. मग सहावी, सातवी. शेवटच्या दोन रेंगाळत, अगदी काल त्याने घासून काढल्या तशाच. पाणी थरथरलं, तिचा म्हातारा चेहरा मोडला. ती हलली नाही. पाणी निवळत आलं तसा तिच्या ओठांना बाक आला आणि गालांवर लाली चढली.

पोनिदीला राहवेना. चाळीस वर्षं ज्याची वाट पाहिली ते बघायला तो पुढे वाकला. लासिनेमने नजर न उचलता हाताने त्याला मागे सारलं.

"तुम्ही तिकडे बघा, कांग. नवरा माझा आहे."

पोनिदीने निमूट तोंड फिरवलं.