साहेब आणि शिवणकामवाली बाई

"रडू दे, रडू दे. कट नको." समोरच्याचे डोळे भरून आले की आमचे साहेब कॅमेरामनच्या कानात एवढंच कुजबुजायचे. दंगली, गोळीबार थांबल्यावर माणसं पुन्हा कशी उभी राहतात, यावर ते माहितीपट काढत. नोएडातल्या त्यांच्या ऑफिसात मी संकलक होतो.

असे लोक तुम्हीही पाहिले असतील. व्याख्यानं क्षमेवर, आणि मयूर विहारात खालच्या मजल्यावरच्या शेजाऱ्याशी गाडी लावण्यावरून कायमचा अबोला. वहिनी म्हणायच्या, "अहो, आधी त्यांना क्षमा करा." साहेब म्हणायचे, "तो विषय वेगळा आहे."

एकदा डोंगराळ भागातल्या एका बाईचं चित्रण करायला आम्ही गेलो. तिचा नवरा गोळीबारात गेला होता. आता तिचं शिवणाचं दुकान जोरात चालत होतं. हाताखाली चार मुली, दिवसभर थट्टामस्करी. साहेबांची पंचाईत झाली. त्यांनी नवऱ्याचा फोटो देऊन तिला खिडकीशी बसवलं. पाचव्या टेकला ती रडली.

संकलनात मी दुकानातलं हसणं ठेवलं होतं. साहेबांनी ते काढायला लावलं. "हसणारी विधवा बघायला कोण येणार, यार?"

दिल्लीतल्या पहिल्या खेळाला तिलाही बोलावलं होतं. दिवे लागले, टाळ्या झाल्या, आणि ती उभी राहिली. "साहब, मेरी दुकान कहाँ गई?"

साहेबांनी माईक हातात घेतला. तो नुसताच धरून उभे राहिले. मला, खरं सांगतो, फार बरं वाटलं.

दुसऱ्या सकाळी ते माझ्याआधी ऑफिसात हजर. "दुकानाचं सगळं लाव." पडद्यावर एका मुलीला सुई टोचते, ती किंचाळते, बाई हसून हसून मशीनवर डोकं टेकते. साहेब दुपारपर्यंत बघत राहिले. "मी तिथेच होतो ना रे?" त्यांनी विचारलं.

आम्ही माहितीपट पुन्हा बांधला. तो एकाही महोत्सवाने घेतला नाही. मग साहेब एकटेच तो घेऊन तिच्या गावी गेले. आले ते तिने शिवलेला शर्ट घालून. एक बाही बोटभर लांब.

"माप घेताना मी सारखा बोलत होतो म्हणे," ते लाजून म्हणाले.

त्या हिवाळ्यात ते अचानक गेले. मोठमोठे लोक जमले, त्यांच्या संवेदनशीलतेवर गळे काढून बोलले. वहिनींनी कपाटातले सगळे कोट बाजूला सारले आणि साहेबांना तो शर्ट घातला. लांब बाही त्यांनी हळूच आत दुमडली.