बोळाचं कुलूप

गारखेड्यात आमचं आणि थोरल्या काकांचं घर शेजारी शेजारी. मध्ये अंग चोरून जावं लागेल एवढा बोळ आणि आमच्या पाण्याच्या हौदाचं झाकण त्याच बोळात. हा बोळ आपल्याच वाटणीचा आहे, असं काकांना एका सकाळी आठवलं आणि त्यांनी बोळाच्या दाराला कुलूप ठोकलं. आमच्याकडे नळाला पाणी आठवड्यानं येतं, तेही त्याची लहर लागली तर. या खेपेला हौद भरला नाही, तर आमची भांडी घासायचीही पंचाईत होणार होती.

वडील तडक पोलीस ठाण्यात गेले. सोबत मी. हवालदारांनी सगळं ऐकून घेतलं, चहा पाजला, पण खुर्ची काही सोडली नाही.

"साहेब, जागेचं भांडण दिवाणी असतंय. बोळ कुणाचा ते कोर्ट ठरवील. आम्ही कुलूप तोडलं तर उद्या आमच्याच गळ्यात."

"निकाल लागंस्तोवर आम्ही आंघोळ नाय करायची?"

"शिवीगाळ, मारहाण काही झालं का? झालं तर या, लगेच लिहून घेतो."

वडिलांचा जन्म सरकारी नोकरीत गेलेला. अर्जाला काही कमी पडतंय म्हटलं, की ते आणून जोडायचं, एवढंच त्यांना ठाऊक. तिथून ते थेट काकांच्या ओट्यावर.

"दादा, मला एक शिवी दे."

काकांनी पेपर खाली ठेवला. "कामून रे?"

"त्याशिवाय पोलीस येत नायत. आईवरून दे, म्हंजे केस पक्की."

"येड्या, आई एकच हाय ना आपली!"

"मग बापावरून दे."

"बाप येगळा हाय व्हय?"

वडील गाल पुढं करून म्हणाले, "बरं, एक चापट मार."

काकांचा चेहराच उतरला. "ल्हानपणी बी कधी हात लावला नाय तुला. आता पोलिसांसाठी लावू?"

मला त्यांचा राग आला होता, तो तिथंच पातळ झाला.

आमच्या गल्लीत एक रीत आहे. ज्याच्या नळाला आधी पाणी येईल त्यानं शेजाऱ्याला हाक द्यायची, मग बोलणं असो वा अबोला. तेवढ्यात काकांचा नळ फुसफुसला. काका उठले आणि सवयीनं आमच्या खिडकीकडं तोंड करून ओरडले, "पाणी आलं रे! हौद भरून घ्या!"

"कसा भरू?" शेजारीच उभे असलेले वडील म्हणाले. "कुलूप हाय."

काकांनी सगळे खिसे चाचपले. किल्ली सापडेना. काकूंनी घर पालथं घातलं, तरी नाही. नळ तर धो धो सुटला होता. शेवटी काकांनी आतून वरवंटा आणला आणि स्वतःच्याच कुलपावर घाव घालू लागले. दर घावाला कुलपाच्या आईचा उद्धार चालला होता.

कुलूप तुटलं. वडील झाकण उघडता उघडता कुरकुरले, "ह्यातली एक मघाशी मला दिली असती तर?"

"त्याची आई येगळी हाय," काका म्हणाले आणि पाइप धरायला बोळात शिरले.